दोन देशांचा करकरार कोर्ट कसा वाचते?

आखातात राहणाऱ्या भावाच्या किंवा मुलाच्या नावाने इथल्या बँकेत एन.आर.ओ. खाते असते. त्यातील ठेवीवर वर्षाला एक लाख रुपये व्याज जमा झाले तर बँक ३० टक्के कर आणि त्या करावर ४ टक्के सेस धरून ३१,२०० रुपये कापून घेते. तोच मुलगा दुबईत राहत असेल आणि त्याने योग्य कागद वेळेवर बँकेत दिले असतील, तर कपात १२,५०० रुपयांवर येते. हा १८,७०० रुपयांचा फरक कोणाच्या मेहेरबानीने पडत नाही. २९ एप्रिल १९९२ रोजी भारत आणि संयुक्त अरब अमिरात यांच्यात जो करकरार झाला, त्याच्या अकराव्या कलमात हा साडेबारा टक्क्यांचा दर लिहिलेला आहे.

परंतु करारात लिहिलेले असणे आणि ते आपल्या पदरात पडणे यांच्यामध्ये एक मोठा मुक्काम आहे. तो म्हणजे कोर्ट. करारातील एका शब्दाचा अर्थ इन्कमटॅक्स खाते एक लावते, करदाता दुसरा लावतो, आणि खरा अर्थ कोणता हे न्यायाधीश ठरवतात. दुबईला कापड पाठवणारे, परदेशी आडत्याला कमिशन देणारे, जर्मनीहून किंवा इटलीहून मशिनरी आणणारे, परदेशच्या प्रदर्शनात आपली कारागिरी विकणारे असे आपले पुष्कळ बांधव आहेत. त्या सर्वांच्या हिशोबाशी या अर्थ लावण्याचा थेट संबंध येतो. म्हणून हा विषय आम्ही येथे घेत आहोत. आम्ही वकील नाही, कापडाचे व्यापारी आहोत. पण ज्याला माल घ्यायचा त्याने पोत हाताने पाहावा, या सवयीने आम्ही काही निकाल समजून घेतले, ते मांडतो.

आधी करार कशासाठी असतो ते पाहू. एकाच कमाईवर दोन सरकारे हक्क सांगू शकतात. कमाई जिथे झाली तो देश म्हणतो की पैसा आमच्या जमिनीवर निघाला. कमावणारा जिथे राहतो तो देश म्हणतो की माणूस आमचा आहे. दोघांनीही पूर्ण कर घेतला तर व्यापाऱ्याच्या हाती पोते उरेल, धान्य नाही. म्हणून दोन सरकारे बसून वाटणी ठरवतात. भारताचे असे करार नव्वदीहून अधिक देशांशी आहेत.

आता देशाचा कायदा एक सांगतो आणि करार दुसरे सांगतो, तर चालायचे कोणाचे? हा प्रश्न भारतात बऱ्याच अंशी मिटलेला आहे. २ एप्रिल १९८२ च्या सर्क्युलरमध्ये केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाने स्पष्ट केले होते की, करारात खास तरतूद असेल तर ती कायद्यावर भारी पडेल. पुढे हीच गोष्ट १९६१ च्या प्राप्तिकर कायद्याच्या कलम ९० मध्ये आली. कायदा आणि करार यांपैकी जे करदात्याला अधिक फायद्याचे असेल ते लागू होईल. २०२५ च्या नव्या प्राप्तिकर कायद्यात, ज्याचा अंमल १ एप्रिल २०२६ पासून धरला आहे, हा विषय कलम १५९ मध्ये आहे. नंबर बदलला तरी पाया तोच आहे. अर्थात करारातून नवा कर बसत नाही. कायद्याने बसलेला कर करारामुळे कमी होतो किंवा सुटतो, एवढेच.

ही पायरी लक्षात न घेतल्याने पुष्कळ जण उलटीकडून सुरुवात करतात आणि करार उघडून बसतात. आधी आपला कायदा पाहावा. कायद्यानेच कर लागत नसेल तर करारापर्यंत जाण्याची गरजच नाही. याचे जुने उदाहरण म्हणजे सुप्रीम कोर्टाचा १९८० सालचा तोशोकू कंपनीचा निकाल. आंध्रच्या एका तंबाखू निर्यातदाराने परदेशी एजंटांमार्फत माल विकला आणि त्यांचे कमिशन आपल्या वहीत जमा दाखवले. खाते म्हणाले, वहीत जमा झाले म्हणजे भारतात मिळाले, द्या कर. कोर्टाने ते मानले नाही. एजंटाने काम परदेशात केले, आणि वहीत नोंद करणे म्हणजे हातात पैसा पडणे नव्हे. कापडाच्या धंद्यात परदेशी आडत्याला दोन-पाच टक्के कमिशन द्यावे लागते. त्यांना या निकालाचा आजही आधार आहे. २०१० साली जी.ई. इंडिया टेक्नॉलॉजीच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने आणखी सांगितले की, परदेशी पाठवलेल्या प्रत्येक रकमेवर टीडीएस लागत नाही. ज्या रकमेवर भारतात कर बसतो तिच्यावरच लागतो.

आता मुख्य गोष्ट. आम्ही उर्दू शाळेत शिकलो. तिथे कायद्याला कानून म्हणत आणि कराराला मुआहिदा. मुआहिदा हा शब्द अहद या शब्दाच्या घरचा, म्हणजे एकमेकांना दिलेला शब्द. कानून वरून येतो, मुआहिदा दोघांच्या मध्ये असतो. कोर्टांनी हाच भेद केला आहे. कायदा वाचताना न्यायाधीश विधिमंडळाचे शब्द तराजूत तोलतात. करार वाचताना ते विचारतात की दोन्ही बाजूंनी एकमेकांना काय द्यायचे कबूल केले होते. दोन देशांचे अधिकारी वाटाघाटी करून मसुदा बनवतात, त्याची भाषा एका देशाच्या वकिली भाषेसारखी काटेकोर नसते, आणि तोच मजकूर दोन देशांच्या कोर्टांत वाचला जायचा असतो. इथल्या कोर्टाने एक अर्थ लावला आणि तिथल्या कोर्टाने भलताच, तर वाटणीचा अर्थच उरत नाही.

याचे सर्वमान्य नियम १९६९ च्या व्हिएन्ना करारात आहेत. शब्दांचा साधा, नेहमीचा अर्थ घ्यावा. तो मागचापुढचा संदर्भ आणि कराराचा हेतू ध्यानात ठेवून घ्यावा. आणि नेकनीयतीने घ्यावा. वाटाघाटीच्या वेळची कागदपत्रे अर्थ धूसर असेल तेव्हाच पाहावीत. भारत या व्हिएन्ना करारात सामील नाही, तरी आपली कोर्टे त्यातील नियम मार्गदर्शक मानतात. २०११ साली राम जेठमलानी यांच्या काळ्या पैशाच्या अर्जावर सुप्रीम कोर्टाने तसेच केले. जर्मनीकडून मिळालेली लिकटेनस्टाइनच्या बँकेतील खातेदारांची नावे करारामुळे उघड करता येत नाहीत, असे सरकारचे म्हणणे होते. कोर्टाने करार साध्या अर्थाने वाचला आणि तो सरकार म्हणते तसा आड येत नाही असे ठरवले. म्हणजे साधा अर्थ दर वेळी खात्याच्याच बाजूने जातो असे नाही.

एखाद्या शब्दाची व्याख्या करारात नसेल तर? बहुतेक करारांत त्याचेही उत्तर असते. कर लावणाऱ्या देशाच्या कायद्यातील अर्थ घ्यावा, संदर्भ वेगळे सांगत नसेल तर. पण करारात व्याख्या असेल तर देशाने आपला कायदा बदलून ती हलवता येत नाही. मार्च २०२१ मध्ये सुप्रीम कोर्टाने सॉफ्टवेअरच्या एका मोठ्या गटातील प्रकरणांत हेच ठरवले. कायद्यात २०१२ साली मागील तारखेपासून रॉयल्टीची व्याख्या रुंद केली होती. कोर्ट म्हणाले की, विकत घेतलेले सॉफ्टवेअर नुसते वापरणाऱ्याने दिलेली किंमत करारातील रॉयल्टीत बसत नाही, म्हणून त्यावर टीडीएस नाही. कापडाच्या डिझाइनचे सॉफ्टवेअर परदेशातून घेणाऱ्या कारखानदारांनी आपल्या सी.ए.ला या निकालाविषयी जरूर विचारावे.

आता आपल्या लोकांना सर्वात जवळचा असलेला तंटा. अमिरातीच्या करारात सवलत कोणाला, तर तिथल्या रहिवाशाला. आणि रहिवासी कोण, तर जो तिथल्या कायद्याप्रमाणे, तिथे राहत असल्यामुळे, कराला पात्र आहे तो. इथे गाडी अडली. कारण अमिरातीत माणसाच्या पगारावर किंवा कमाईवर इन्कमटॅक्स नव्हता, आजही नाही. जिथे करच नाही तिथे कराला पात्र कोण? आणि जो पात्र नाही तो रहिवासी नाही, आणि रहिवासी नाही तर साडेबारा टक्क्यांचा दरही नाही, असे खात्याचे म्हणणे.

हा प्रश्न आधी अग्रिम निर्णय प्राधिकरणापुढे गेला. निवृत्त न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालचे हे मंडळ, व्यवहारावर किती कर लागेल ते आधीच सांगण्यासाठी होते. १९९५ साली या मंडळाने दुबईतील एका गृहस्थाच्या बाजूने मत दिले. दोन सरकारांना माहीत होते की तिथे माणसांवर कर नाही, तरी त्यांनी करारात माणसांचा समावेश केला, तर त्याला काही अर्थ असलाच पाहिजे, असा त्या मताचा रोख. १९९९ साली त्याच मंडळाने दुसऱ्या एका गृहस्थाच्या अर्जावर नेमके उलटे सांगितले. दुहेरी कर टाळण्यासाठी करार आहे, एका बाजूला कर नाहीच, मग दुहेरी कसला, आणि सवलत कसली! एकच करार, एकच शब्द, चार वर्षांत दोन उत्तरे. इथल्या ठेवीत किंवा शेअर्समध्ये पैसे गुंतवून बसलेल्या दुबईकरांनी काय करावे?

दरम्यान मॉरिशसच्या करारावरून देशभर गाजलेला खटला सुप्रीम कोर्टात पोचला. मॉरिशसमध्ये कागदोपत्री कंपन्या काढून भारतात पैसा गुंतवायचा आणि शेअरविक्रीच्या नफ्यावर कुठेच कर भरायचा नाही, अशी चाल पडली होती. मंडळाने १३ एप्रिल २००० रोजी सर्क्युलर काढून मॉरिशस सरकारचा रहिवासाचा दाखला पुरेसा मानावा असे सांगितले. आझादी बचाओ आंदोलन या संस्थेने त्याला आव्हान दिले आणि २००२ साली दिल्ली हायकोर्टाने सर्क्युलर रद्द केले. ७ ऑक्टोबर २००३ रोजी सुप्रीम कोर्टाने ते पुन्हा उभे केले. हा निकाल न्या. बी. एन. श्रीकृष्ण यांनी लिहिला. मुंबईच्या १९९२-९३ च्या दंगलींच्या चौकशी आयोगामुळे त्यांचे नाव आपल्या वाचकांना ठाऊक आहे.

या निकालात दोन गोष्टी आमच्या दृष्टीने महत्त्वाच्या आहेत. पहिली, कराला पात्र असणे वेगळे आणि प्रत्यक्ष कर भरणे वेगळे. कायद्याचा हात माणसापर्यंत पोचू शकतो का, हा प्रश्न आहे. त्या हाताने आज खिशातून पैसे काढले की सूट दिली, हा नाही. दुसरी, तिसऱ्या देशाच्या माणसाने करारात शिरकाव करून फायदा घेऊ नये असे वाटत असेल, तर दोन सरकारांनी तसे करारात लिहावे. अमेरिकेशी झालेल्या करारात तशी अट आहे, मॉरिशसच्या करारात नव्हती. जे सरकारांनी लिहिले नाही ते कोर्ट आपल्या पदरचे घालणार नाही. यावर टीका पुष्कळ झाली, आणि ती सगळी चुकीची होती असे आम्ही म्हणणार नाही. देशाचा महसूल बुडाला हे खरे. पण एकदा सही केलेल्या कागदात नंतर ओळी वाढवायच्या नाहीत, ही गोष्ट कोणत्याही व्यापाऱ्याला पटण्यासारखी आहे. पुढे सरकारने तेच केले जे कोर्टाने सुचवले होते. मे २०१६ मध्ये मॉरिशसशी बोलून करार बदलला आणि १ एप्रिल २०१७ पासून घेतलेल्या शेअर्सच्या नफ्यावर भारताने कराचा हक्क मिळवला.

यानंतर दुबईचे भांडण मिटायला हवे होते, पण मिटले नाही. २००५ साली अग्रिम निर्णय प्राधिकरण पुन्हा आपल्या १९९९ च्या मतावरच राहिले. त्याच वर्षाच्या अखेरीस प्राप्तिकर ट्रायब्युनलच्या मुंबई खंडपीठाने ग्रीन एमिरेट शिपिंगच्या प्रकरणात उलट निर्णय दिला. कर लावण्याचा हक्क अमिरातीकडे आहे, तो ती वापरो वा न वापरो, तिथला माणूस कराला पात्रच आहे, असे ट्रायब्युनल म्हणाले. शेवटी दोन्ही सरकारांनी शहाणपणा केला. २६ मार्च २००७ रोजी नवा प्रोटोकॉल झाला आणि कराला पात्र हे शब्द अमिरातीच्या बाजूने काढूनच टाकले. आता माणसासाठी हिशोब दिवसांचा आहे. कॅलेंडर वर्षात एकूण किमान १८३ दिवस जो अमिरातीत राहिला तो तिथला रहिवासी. कंपनी तिथे नोंदलेली हवी आणि तिचा कारभार पूर्णपणे तिथूनच चालला पाहिजे.

इथे एका खाचेकडे लक्ष द्यावे. हे वर्ष जानेवारी ते डिसेंबर आहे, आपले हिशोबी वर्ष एप्रिल ते मार्च. सुट्टीत घरी येऊन लग्नसराईसाठी लांबलेला मुक्काम पासपोर्टवरच्या शिक्क्यांत दिसतो. म्हणून दिवस मोजताना दोन्ही वर्षांची मोजणी वेगवेगळी करावी. दुसरे म्हणजे तिथल्या सरकारचा रहिवासाचा दाखला. २०१३ पासून परदेशी रहिवाशाने करारातील सवलत मागायची तर हा दाखला कायद्यानेच आवश्यक झाला, आणि सोबत १९६१ च्या कायद्याखालील दहा-एफ नावाचा फॉर्म द्यावा लागे. नव्या कायद्यात फॉर्मचा नंबर काय आहे ते बँकेत विचारून घ्यावे. तिसरी गोष्ट, नुसत्या दाखल्यावर सगळे निभावेल असे आता धरू नये. १ एप्रिल २०१७ पासून करचुकवेगिरीविरुद्धची सर्वसाधारण तरतूद लागू झाली आहे. अनेक देशांनी मिळून केलेल्या एका करारानुसार अमिरातीशी असलेल्या करारातही अट आली आहे की, व्यवहाराच्या मुख्य हेतूंपैकी एक हेतू सवलत मिळवणे हाच असेल तर ती नाकारता येते. दुबईत फक्त पाटी लावून, मालकी आणि कारभार भिवंडीतून चालवणाऱ्यांनी हे वाचून सावध व्हावे.

आपल्या संसदेनेही २०२० आणि २०२१ मध्ये बदल केले. भारताचा नागरिक असलेला, आणि कुठल्याच देशात कराला पात्र नसलेला माणूस, त्याचे भारतातील उत्पन्न १५ लाखांच्या वर असेल तर भारताचा रहिवासी धरला जातो. कराला पात्र म्हणजे काय याची व्याख्याही २०२१ मध्ये कायद्यात घातली गेली. पण आखातात पगारावर काम करणाऱ्या आणि इथे थोडेफार भाडे-व्याज मिळणाऱ्या माणसाला याची झळ लागत नाही. त्याबद्दल मध्यंतरी जी घबराट पसरली होती ती विनाकारण होती.

दुसरा मोठा शब्द म्हणजे पर्मनंट एस्टॅब्लिशमेंट. आपण त्याला कायम ठाणे म्हणू. धंद्याच्या नफ्यावर परदेशाने कर केव्हा घ्यायचा, याचे उत्तर जवळपास सर्व करारांत एकच आहे. तिथे आपले कायम ठाणे असेल तरच, आणि त्या ठाण्याशी संबंधित नफ्यावरच. नुसता माल विकला म्हणून नाही. पण कायम म्हणजे किती कायम, आणि ठाणे म्हणजे काय?

आंध्र प्रदेश हायकोर्टाने १९८३ साली विशाखापट्टण पोर्ट ट्रस्टच्या प्रकरणात याचा पाया घातला. बंदरासाठी जर्मनीहून माल हलवणारे मोठे यंत्र घेतले होते, आणि त्याच्या उभारणीवर देखरेखीसाठी त्या कंपनीचा इंजिनियर येथे आला होता. कोर्ट म्हणाले, यंत्र विकले म्हणून आणि एक माणूस काही काळ थांबला म्हणून ठाणे होत नाही. त्या परक्या धंद्याचा टिकाऊ अंश या जमिनीवर रुजलेला दिसला पाहिजे. या निकालात कोर्टाने, विकसित देशांची जी ओ.ई.सी.डी. नावाची संघटना आहे, तिने नमुना करारावर लिहिलेल्या भाष्याचा आधार घेतला. तेव्हापासून आपल्या कोर्टांत हे भाष्य वाचले जाते, मात्र ते कायदा म्हणून नव्हे, जाणकाराचे मत म्हणून.

पण ठाणे म्हणजे बांधलेली इमारत आणि वर्षानुवर्षांचा मुक्कामच हवा असे नाही. २०१७ साली सुप्रीम कोर्टाने फॉर्म्युला वन मोटार शर्यतीच्या बाबतीत वेगळा निर्णय दिला. ग्रेटर नोएडाच्या ट्रॅकवर शर्यत तीन दिवसांची. तरी त्या दिवसांत आणि त्याच्या मागेपुढे तो ट्रॅक पूर्णपणे त्या इंग्लिश कंपनीच्या ताब्यात होता आणि तिथूनच तिचा धंदा होत होता, म्हणून ते तिचे ठाणे. दिवस किती यापेक्षा ताबा कोणाचा, हे पाहिले गेले.

हस्तकलेचा माल घेऊन परदेशी प्रदर्शनात जाणाऱ्या कारागिरांनी कॅनडातील एक प्रकरण ऐकून ठेवावे. अमेरिकेचा एक विक्रेता व्हँकुव्हरच्या वार्षिक प्रदर्शनात दरवर्षी सुमारे तीन आठवडे घडीचा स्टॉल लावून माल विकत असे. असे पुष्कळ वर्षे चालले. १९९० साली तिथल्या टॅक्स कोर्टाने सांगितले की, स्टॉल उचलून नेता येत असला तरी दरवर्षी त्याच जागी, त्याच धंद्यासाठी येणे हेच कायमपण आहे. म्हणजे एकदा जाऊन चार गालिचे विकून येणाऱ्याला भीती नाही. पण दरवर्षी त्याच मेळ्यात तीच जागा धरणाऱ्याने त्या देशाच्या करारातील पाचवे कलम वाचून घ्यावे.

गोदामाचेही तसेच. बहुतेक करारांत लिहिलेले असते की माल फक्त साठवण्यासाठी किंवा दाखवण्यासाठी जागा ठेवली तर ते ठाणे नव्हे. काही करारांत पुढे पोचवण्यासाठी हा शब्दही असतो, भारताच्या काही करारांत तो मुद्दाम गाळलेला आहे. जिथे तो नाही तिथे परदेशच्या गोदामातून गिऱ्हाइकांना नियमित माल दिला तर वाद उभा राहू शकतो. तिथला एजंट आपल्या नावाने सौदे पक्के करत असेल तर तो माणूसच आपले ठाणे ठरतो. चार जणांचा माल विकणारा स्वतंत्र आडत्या मात्र ठरत नाही. म्हणून एजंटाशी केलेल्या लेखी करारात सौदा पक्का करण्याचा अधिकार कोणाचा, ही ओळ स्पष्ट हवी. आमच्या अनुभवात आपल्याकडे ही ओळ लिहिलीच जात नाही, भावाभावांत तोंडी चालते.

परदेशात मिळकत असलेल्यांसाठी मलेशियाचा निकाल आहे. तामिळनाडूच्या एका चेट्टियार पेढीची मलेशियात इपोह येथे रबराची बाग होती. बागेचे उत्पन्न आणि मिळकत विकल्याचा नफा यांवर भारतातही कर मागितला गेला. करारात होते की अशा उत्पन्नावर मिळकत जिथे आहे तो देश कर लावू शकतो. लावू शकतो, याचा अर्थ दुसऱ्याने लावू नये असा होतो का? २००४ साली सुप्रीम कोर्टाने पेढीच्या बाजूने निकाल दिला. सरकारला हे रुचले नाही. ऑगस्ट २००८ मध्ये अधिसूचना निघाली की, करारात लावू शकतो असे असले तरी ते उत्पन्न भारतात हिशोबात धरले जाईल, आणि परदेशी भरलेला कर वजा मिळेल. त्यामुळे जुन्या निकालावर विसंबून परदेशी भाडे रिटर्नमधून वगळू नये.

पुण्याचा एक निकालही व्यापाऱ्यांच्या कामाचा आहे. परदेशी पार्टीकडे पॅन नंबर नसेल तर २० टक्के टीडीएस कापा, असे कायद्याचे कलम होते. २०१५ साली सिरम इन्स्टिट्यूटच्या प्रकरणात ट्रायब्युनलच्या पुणे खंडपीठाने ठरवले की, करारातील दर कमी असेल तर तोच चालेल.

इतके वाचून कोणाला वाटेल की करारात शब्द सापडला की काम झाले. तसे नाही, हे १९ ऑक्टोबर २०२३ च्या नेस्ले कंपनीच्या निकालाने दाखवून दिले. नेदरलँड, फ्रान्स आणि स्वित्झर्लंड यांच्या करारांना जोडलेल्या प्रोटोकॉलमध्ये असे आहे की, भारताने पुढे दुसऱ्या एखाद्या ओ.ई.सी.डी. सदस्य देशाला कमी दर दिला तर तोच यांनाही मिळावा. भारताने स्लोव्हेनिया, लिथुआनिया, कोलंबिया यांना लाभांशावर ५ टक्के दर दिला होता आणि नंतर हे देश त्या संघटनेत आले. दिल्ली हायकोर्ट म्हणाले, मग दहाचे पाच आपोआप झाले. सुप्रीम कोर्टाने ते उलटवले. भारतात करार आपोआप कायदा होत नाही, सरकारने अधिसूचना काढली तरच त्याचा बदल लागू होतो. शिवाय तो तिसरा देश भारताशी करार करतेवेळीच त्या संघटनेचा सदस्य असायला हवा होता.

आपल्या घटनेच्या चौकटीत हे बरोबर असेल. पण करार दोघांचा असतो, आणि समोरच्यानेही तो आपल्या परीने वाचला. स्वित्झर्लंडने डिसेंबर २०२४ मध्ये जाहीर केले की, भारताचे कोर्ट हे कलम असे वाचत असेल तर आम्हीही ते एकतर्फी पाळणार नाही. १ जानेवारी २०२५ पासून तिथून भारतीय कंपन्यांना मिळणाऱ्या लाभांशावर ५ ऐवजी १० टक्के कर लागू झाला.